दंतमहाविद्यालयाची चिठ्ठी

दंतवैद्याच्या खोलींतून बाहेर पडतांना रोग्याच्या हातांत औषधाच्या कागदाऐवजीं दुसऱ्याच संस्थेच्या नांवाची चिठ्ठी पडली कीं त्याचा चेहरा उतरतो. ज्या वैद्यानें दहा वर्षें घरांतील लहानथोरांचे दांत सांभाळले, त्यानें आतां हात टेकले, असा त्या चिठ्ठीचा अर्थ तो लावतो. त्यांतून ती चिठ्ठी दंतमहाविद्यालयाची असेल तर घरीं तिच्यावरून दोन पक्ष पडतात. एक पक्ष म्हणतो, तेथें विद्यार्थी आपला हात साफ करून घेतात. दुसरा म्हणतो, पैसे कमी पडतात, जाऊन पाहावें. वाद मिटेपर्यंत चिठ्ठी कपाटाच्या कप्प्यांत विजेच्या बिलांखालीं जाते आणि दुखणें मात्र जागच्या जागीं राहतें. हे दोन्ही पक्ष अर्धवट माहितीवर बोलत असतात. ती चिठ्ठी रोग्याची बोळवण करण्यासाठीं दिलेली नसते, किंवा केवळ स्वस्ताईसाठींही दिलेली नसते. एका वैद्यानें अधिक जाणत्या वैद्यास विचारलेला तो प्रश्न असतो. त्या प्रश्नाचें उत्तर कोठें, कसें आणि कोणत्या मोबदल्यांत मिळतें, हें सुशिक्षित कुटुंबांस ठाऊक असणें जरूर आहे.

उदाहरणादाखल गिरगांवांतील एक कुटुंब घ्यावें. गृहस्थ ६७ वर्षांचे, विमा कचेरींतून निवृत्त झालेले. पत्नी त्यांच्याहून चार वर्षांनीं लहान, माहेर सातारा जिल्ह्यांतलें. गृहस्थांच्या वरच्या उजव्या बाजूच्या पहिल्या मोठ्या दाढेचें आठ वर्षांपूर्वीं रूट कॅनाल झालें होतें व तिजवर टोपीही बसविलेली होती. एके दिवशीं त्या दाढेजवळ हिरडीवर बारीक पुळी दिसूं लागली. ती फुटे, बरी होई, पुन्हां येई. दुखणें असें फारसें नव्हतें, म्हणून तीन महिने तसेच गेले. अखेर कोपऱ्यावरच्या नेहमींच्या दंतवैद्याकडे गेल्यावर त्यानें क्ष-किरणांचें छायाचित्र घेतलें. मुळाच्या टोकाशीं, हाडांत, वाटाण्याएवढी काळी छाया दिसत होती. दंतवैद्य म्हणाला, "काका, दाढ काढायला दहा मिनिटं पुरतील. पण ती वांचण्यासारखी आहे. आंतलं जुनं सगळं उकरून पुन्हां करावं लागेल, आणि तें माझ्या हातचं काम नाहीं. मी तुम्हांला चिठ्ठी देतों."

"माझ्या हातचं काम नाहीं" हे शब्द गृहस्थांस लागले. वस्तुतः तें त्या वैद्याच्या प्रामाणिकपणाचें लक्षण होतें. दाढेच्या मुळांतून नाडी जाते ती केसासारख्या बारीक वाटांनीं. वरच्या पहिल्या मोठ्या दाढेस मुळें तीन असतात, परंतु वाटा पुष्कळदां चार निघतात. ही चौथी वाट पुढच्या बाजूच्या मुळांत दडलेली असते. ती नजरेंतून सुटली तर तेथें राहिलेले जंतु वर्षानुवर्षें धुमसत राहतात आणि वरून टोपी कितीही चकचकीत असली तरी खालचें हाड झिजत जातें. अशी वाट शोधून काढण्यास चांगला उजेड, सूक्ष्मदर्शकासारखें साधन, विशेष प्रकारचीं बारीक हत्यारें आणि मुख्य म्हणजे एकाच दाढेवर दोन दोन तास बसण्याची सवड लागते. ज्याच्या दाराशीं वीस रोगी ताटकळत असतात त्या दंतवैद्यापाशीं दुसरें सर्व असलें तरी ही सवड नसते.

येथें दंतवैद्यकाच्या शिक्षणाची रचना थोडक्यांत सांगितली पाहिजे. बी. डी. एस. ही पहिली पदवी भारतांत पांच वर्षांची आहे. त्यांतलें शेवटचें वर्ष प्रत्यक्ष सेवेचें असतें. या पदवीचा दंतवैद्य दांत भरणें, काढणें, साफ करणें, साधें रूट कॅनाल, कवळी बसविणें हीं नित्याचीं कामें करतो. पुढें आणखी तीन वर्षें एकाच शाखेस वाहून घेतलें म्हणजे एम. डी. एस. ही पदवी मिळते. अशा शाखा नऊ आहेत. दांत भरणारे व नाडीचें काम करणारे तज्ज्ञ निराळे, हिरड्यांचे निराळे. वेडेवाकडे दांत तारांनीं सरळ करणारे, कवळ्या व कृत्रिम दांत बसविणारे, जबड्याची शस्त्रक्रिया करणारे, मुलांचे दांत पाहणारे, क्ष-किरणांच्या साहाय्यानें तोंडाच्या रोगांचें निदान करणारे, तोंडांतील पेशींची सूक्ष्मदर्शकाखालीं परीक्षा करणारे आणि सार्वजनिक दंतारोग्याचा विचार करणारे, असे इतरांचे वर्ग आहेत. खाजगी व्यवसायांत हे सारे एका छपराखालीं क्वचितच भेटतात. दंतमहाविद्यालयांत मात्र हे सर्व विषय शिकवावेच लागतात, म्हणून ते शिकविणारेही तेथें असतात. अक्कलदाढ हाडांत आडवी रुतली असो, तरुणपणींच हिरड्या सुटून दांत हलूं लागले असोत, किंवा नातवाचे पुढचे दांत ओठांबाहेर आले असोत, या प्रत्येकासाठीं तेथें स्वतंत्र विभाग असतो आणि एका विभागांतून दुसऱ्या विभागांत जाण्यास जिना चढण्यापलीकडे खटपट नसते.

रोग्यावर उपचार करीत करीत विद्या शिकविण्याची ही पद्धत नवी नाहीं. दंतवैद्यकाचें जगांतील पहिलें महाविद्यालय अमेरिकेंत बाल्टिमोर येथें १८४० सालीं निघालें. त्यापूर्वीं हा धंदा बहुधा उमेदवारी करूनच शिकला जाई. भारतांत आयोवा विद्यापीठाचे पदवीधर डॉ. रफीउद्दीन अहमद यांनीं १९२० सालीं कलकत्त्यास पहिलें दंतमहाविद्यालय काढलें. १९४९ सालीं त्यांनीं तें पश्चिम बंगाल सरकारच्या स्वाधीन केलें, आणि आज तें त्यांच्याच नांवानें चालतें. मुंबईस नायर रुग्णालयाचें दंतमहाविद्यालय १९३३ सालीं सुरू झालें. दंतवैद्यांसंबंधींचा अखिल भारतीय कायदा १९४८ सालचा. म्हणजे कायदा यावयाच्या कितीतरी आधीं या संस्थांतून रोग्यांची रांग लागलेली होती. आज मुंबईंत नायरखेरीज फोर्टांत सेंट जॉर्ज रुग्णालयाच्या आवारांत शासकीय दंतमहाविद्यालय आहे. नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथें शासकीय महाविद्यालयें आहेत, गोव्याचें बांबोळीस आहे, आणि पुणें, सांगली, नाशिक अशा शहरांत खाजगी संस्थांचीं आहेत.

या सर्वांच्या मुळाशीं एक सरळ व्यवहार आहे. विद्यार्थ्यास रोगी हवा असतो आणि रोग्यास उपचार हवे असतात. रोगी आपला वेळ देतो. संस्था त्याच्याकडून बाजारभावाहून पुष्कळ कमी पैसे घेते. "विद्यार्थी हात साफ करतात" हा आक्षेप या व्यवहाराची एकच बाजू पाहतो. विद्यार्थी आरंभींचीं वर्षें माणसाच्या तोंडास हात लावीत नाहीं. मेणावर, प्लॅस्टरवर आणि कृत्रिम दांतांवर त्याचा हात बसविला जातो. रोग्याकडे तो येतो तेव्हां त्याच्या मागें शिक्षक उभा असतो. दांत किती कोरला, भूल कोणती दिली, छायाचित्रांत काय दिसलें, हें टप्प्याटप्प्यास तपासून शिक्षक सही करतो आणि मगच पुढचा टप्पा सुरू होतो. गृहस्थांच्या दाढेसारखें अवघड काम तर शिकाऊ विद्यार्थ्याकडे जातच नाहीं. तें पदव्युत्तर वर्गाकडे जातें, आणि त्या वर्गांतला प्रत्येक जण स्वतः पदवीधर व नोंदलेला दंतवैद्य असतो. एकाच दाढेकडे चार डोळे लागणें खाजगी दवाखान्यांत दुर्मिळ; येथें तो नियम आहे.

चिठ्ठी कशी असावी, हेंही घरच्यांनीं जाणून घ्यावें. कारण "कृपया पाहावें" एवढेंच लिहिलेली चिठ्ठी जवळजवळ कोरीच असते. चांगल्या चिठ्ठींत दांत कोणता, तक्रार केव्हांपासून, आजवर काय काय केलें आणि आतां काय व्हावें अशी अपेक्षा आहे, या चार गोष्टी असतात. तिच्यासोबत क्ष-किरणांचें छायाचित्र असावें. तें मोबाइलवर असेल तर त्याची प्रत मागून घ्यावी. गृहस्थांच्या चिठ्ठींत दाढेचा क्रमांक "१६" असा होता. घरीं त्यावरून बराच काथ्याकूट झाला, कारण कोणत्याही टोंकाकडून मोजलें तरी सोळावा दांत भलताच येई. हा आंकडा सोळा असा वाचावयाचा नसतो. "एक, सहा" असा वाचावयाचा असतो. तोंडाचे चार भाग कल्पून पहिला आंकडा भागाचा व दुसरा मधल्या रेषेपासूनच्या स्थानाचा. वरचा उजवा भाग पहिला, वरचा डावा दुसरा, खालचा डावा तिसरा व खालचा उजवा चौथा. म्हणजे "१६" ही वरची उजवी सहावी आणि "२६" ही वरची डावी सहावी. एका आंकड्याच्या चुकीनें भलत्याच दाढेकडे लक्ष जाऊं शकतें. म्हणून चिठ्ठी हातीं पडतांच आपल्या बोटानें दाखविलेली दाढ आणि कागदावरचा क्रमांक एकच आहेत ना, हें तेथल्या तेथें विचारून घ्यावें.

याहून महत्त्वाची गोष्ट शरीराच्या इतर दुखण्यांची. गृहस्थांस मधुमेह होता आणि हृदयासाठीं रक्त पातळ ठेवण्याची गोळी चालू होती. दांत दाखवावयाचा, मग हृदयाच्या गोळीशीं काय संबंध, असें वाटून लोक ही माहिती सांगत नाहींत. कांहीं जण तर रक्त येईल या भीतीनें दोन दिवस आधींपासून स्वतःच गोळी बंद करतात. दोन्ही गोष्टी धोक्याच्या आहेत. चालू असलेलीं सर्व औषधें, त्यांचीं प्रमाणें आणि पूर्वीं कोणत्या औषधाचें वावडें झालें असल्यास त्याचें नांव, हें सारें चिठ्ठीच्या पाठीवर लिहून न्यावें आणि गोळी बंद करावयाची कीं नाहीं हें ती गोळी देणाऱ्या डॉक्टरास विचारावें.

एका सोमवारीं सकाळीं पतिपत्नी दोघेंही महाविद्यालयांत गेलीं. पत्नी गेली ती केवळ सोबत म्हणून. खिडकीवर केसपेपर निघाला. चिठ्ठी हातांत असल्यामुळें थेट वरच्या मजल्यावर रूट कॅनालच्या विभागांत जावयास मिळेल अशी गृहस्थांची समजूत होती. परंतु त्यांस तळमजल्यावरील निदानाच्या विभागांत बसविण्यांत आलें. "चिठ्ठी आणली असतांना पुन्हां तपासणी कशाला?" असें ते दोनदां म्हणाले. त्यांचा त्रागा समजण्यासारखा आहे. पण नियमांतही अर्थ आहे. चिठ्ठीनें एक दाढ दाखविलेली असते. या विभागाचें काम तोंड पाहण्याचें असतें. दुसऱ्यानें केलेलें निदान पडताळून पाहिल्याशिवाय कोणतीही जबाबदार संस्था हत्यार हातीं घेत नाहीं.

शेवटच्या वर्षाच्या एका विद्यार्थिनीनें त्यांचा इतिहास लिहून घेतला. रक्तदाब पाहिला. दांतांच्या बत्तीस जागांची नोंद केली. गालांच्या आंतल्या बाजू, जीभ उचलून तिच्या खालची जागा, टाळू, मानेच्या गांठी, सर्व कांहीं तिनें क्रमानें तपासलें. मग शिक्षक आले. त्यांनीं पुन्हां पाहिलें, तिच्या नोंदींतील एक चूक दुरुस्त केली आणि सही केली. यांत पाऊण तास गेला. उठतां उठतां त्या मुलीचें लक्ष बाकावर बसलेल्या पत्नीकडे गेलें. "आजी, तुमचंही तोंड बघूं का?" तिनें विचारलें. "मला कांहीं होत नाहीं ग. दुखणेकरी हे आहेत." मुलगी मोकळेपणानें म्हणाली, "माझ्या वहींत अजून केसेस भरायच्या आहेत, आजी. पांच मिनिटं बसा." गृहस्थ म्हणाले, आलोंच आहोंत तर बस.

खालच्या ओठाच्या आंत, डाव्या बाजूस, हिरडीला लागून अंगठ्याच्या नखाएवढा पांढुरका, खरखरीत चट्टा होता. मुलीनें कापसाच्या बोळ्यानें तो पुसून पाहिला. तो पुसला जाईना. तिनें शिक्षकांस हांक मारली. त्यांनीं पाहिलें आणि एवढेंच विचारलें, "मशेरी लावतां का?" "लहानपणापासून. सकाळ-संध्याकाळ. त्याशिवाय पोट साफ होत नाहीं." उत्तर सरळ होतें, त्यांत लपविण्यासारखें कांहीं आहे असें त्या बाईंस वाटलेंच नव्हतें. महाराष्ट्रांत लाखो घरांतून तें वाटत नाहीं. मशेरी म्हणजे तव्यावर भाजून केलेली तंबाखूची पूड. ती दांत घासण्याच्या निमित्तानें तोंडांत जाते आणि तंबाखूचें व्यसन म्हणून कोणाच्या हिशेबांत धरली जात नाहीं. सिगारेट ओढणाऱ्या मुलास दटावणारी आईच सकाळीं ओसरीवर बसून बोटानें मशेरी लावते, हें दृश्य अनेकांच्या परिचयाचें आहे. भारतांत तोंडाचा कर्करोग हा सर्वांत अधिक आढळणाऱ्या कर्करोगांपैकीं एक आहे, आणि तंबाखू व सुपारी हीं त्याचीं प्रमुख कारणें आहेत. तंबाखू ज्या जागीं रोज ठेविली जाते त्याच जागीं असे पांढरे चट्टे उमटतात. सर्वच चट्टे पुढें कर्करोग होतात असें नव्हे. बहुतेक होत नाहींत. पण कोणता होईल हें नुसत्या डोळ्यांनीं ठरत नाहीं.

एका चिठ्ठीवर गेलेलीं तीं दोघें दोन केसपेपर घेऊन घरीं परतलीं.

गृहस्थांच्या दाढेची हकीकत थोडक्यांत सांगतां येण्यासारखी आहे. तिला पांच खेपा लागल्या. पहिल्या खेपेस टोपी काढण्यांत आली आणि दाढेभोंवतीं रबराचा पातळ पडदा ताणून बसविला गेला. १८६४ सालीं न्यू यॉर्कच्या सँफर्ड बार्नम या दंतवैद्यानें काढलेली ही युक्ति अजून तितकीच उपयोगाची आहे. तिच्यामुळें लाळ दाढेंत जात नाहीं आणि हत्यार किंवा औषध घशांत उतरत नाहीं. मग आंतलें जुनें भरण काढलें. हें भरण गटापर्चाचें असतें. मलाया द्वीपसमूहांतील एका झाडाचा हा चीक. एकोणिसाव्या शतकांत समुद्राखालून नेलेल्या तारायंत्राच्या तारांवर याचेंच आवरण असे. दुसऱ्या खेपेस दोन तास शोध केल्यावर ती चौथी वाट सांपडली. पदव्युत्तर विद्यार्थ्यानें ती दाखविण्यासाठीं शिक्षकांस बोलाविलें, शिक्षकांनीं आणखी चौघा विद्यार्थ्यांस बोलाविलें, आणि तोंड उघडें ठेवून पडलेल्या गृहस्थांस आपण वर्गांतला फळा झालों आहोंत असें वाटलें. वाट धुऊन तींत औषध ठेवलें, दोन आठवड्यांनीं तें बदललें, पुळी सुकली, आणि चौथ्या खेपेस चारही वाटा भरून घेतल्या. नव्या टोपीसाठीं त्याच इमारतींत कृत्रिम दांतांच्या विभागाकडे दुसरी चिठ्ठी मिळाली. सहा महिन्यांनीं घेतलेल्या छायाचित्रांत ती काळी छाया निम्म्यावर आली होती. नवें हाड धरूं लागलें होतें.

पत्नीच्या बाबतींत शिक्षकांनीं चट्ट्याचा लहानसा तुकडा काढून तपासावयाचें ठरविलें. या शब्दांनीं घर हादरलें. तुकडा काढला म्हणजे रोग पसरतो, ही समजूत शेजारच्या तीन घरांतून ऐकावयास मिळाली. या भीतीस वैद्यकाचा आधार नाहीं. उलट ती बाळगून जे मागें फिरतात त्यांस पुढें मोठ्या शस्त्रक्रियेस तोंड द्यावें लागण्याचा संभव असतो. जागा बधिर करून तुकडा काढला, दोन टाके पडले आणि अहवाल आठवड्यानें आला. कर्करोग नव्हता. परंतु पेशींच्या ठेवणींत सौम्य बिघाड सुरू झालेला होता. कर्करोग निघाला असता तर पुढची चिठ्ठी परळास १९४१ पासून चालूं असलेल्या टाटा स्मारक रुग्णालयासारख्या ठिकाणची निघाली असती. येथें औषध एकच होतें, मशेरी त्या दिवसापासून बंद. आणि दर तीन महिन्यांनीं येऊन तोंड दाखविणें. पन्नास वर्षांची संवय सोडतांना त्या बाईंस पहिले पंधरा दिवस फार जड गेले. डोकें दुखे, चिडचिड होई, पोटाची तक्रार तर होतीच. महाविद्यालयांतील सल्ल्यानें आणि मुख्यतः सुनेच्या पहाऱ्यानें ती सुटली. वर्षभरांत चट्टा फिकट झाला. तो कायमचा गेला असें कोणी म्हणालें नाहीं, आणि म्हणूनच तारखा चुकवूं नका असें प्रत्येक वेळीं बजावण्यांत आलें.

या हकीकतींत लक्षांत घेण्यासारखी गोष्ट ही कीं, ज्या कारणासाठीं लोक महाविद्यालयास नांवें ठेवतात, त्याच कारणानें त्या बाईंचा धोका उघडकीस आला. विद्यार्थिनीस वहींत केस भरावयाची होती. घाईंतल्या कोणत्याही दवाखान्यांत, सोबत आलेल्या माणसाचें तोंड उघडून पाहण्यास कोणासही सवड झाली नसती. शिकणाऱ्याची हांव ही येथें रोग्याच्या उपयोगी पडली.

अर्थात् या संस्थांतून सर्व कांहीं सुखाचें असतें असें समजून जाऊं नये. रांगा लांब असतात. एका बैठकींत होणारें काम तीन बैठकींत होतें. मध्यें विद्यार्थ्यांच्या परीक्षा येतात, सुट्ट्या येतात. तारांचें काम दीड-दोन वर्षें चालतें आणि तोंवर विद्यार्थी उत्तीर्ण होऊन निघून जातो, रोगी दुसऱ्याच्या हातीं जातो. रोजंदारीवर पोट असणाऱ्यास पांच खेपा म्हणजे पांच दिवसांची मजुरी. त्यास हें स्वस्त पडतें कीं महाग, याचा हिशेब त्यानेंच करावयाचा असतो. सर्व कांहीं फुकट असतें हाही समज चुकीचा आहे. टोपी, कवळी, हाडांत बसवावयाचा कृत्रिम दांत यांचा खर्च पडतोच, आणि खाजगी महाविद्यालयांचे दर निरनिराळे असतात. म्हणून आरंभींच तीन प्रश्न विचारावे: एकंदर खेपा किती लागतील, एकंदर खर्च किती येईल, आणि मधेंच विद्यार्थी बदलल्यास काम कोणाच्या देखरेखीखालीं पुरें होईल. विभागाचें नांव, शिक्षकांचें नांव व केसपेपरचा क्रमांक एका वहींत लिहून ठेवावा. केसपेपर हरवला तर पहिल्यापासून आरंभ करण्याची पाळी येते. संमतिपत्रावर सही करण्यापूर्वीं तें मराठींत समजावून मागावें. समजलें नाहीं तर पुन्हां विचारावें. त्यांत संकोच नको. विद्यार्थ्यास रोग्याशीं बोलणें शिकविणें हाही तेथल्या शिक्षणाचा भाग आहे.

कांहीं प्रसंगीं मात्र चिठ्ठीची वाट पाहणें घातक असतें. गाल किंवा हनुवटीखालचा भाग सुजून ताप आला, तोंड उघडेना, गिळतांना किंवा श्वास घेतांना त्रास होऊं लागला, तर रात्र असो वा सुट्टी असो, थेट मोठ्या रुग्णालयाच्या तातडीच्या विभागांत जावें. पडल्यामुळें मुलाचा पक्का दांत मुळासकट बाहेर आला तर तो मुळाकडून न धरतां वरच्या टोंकाकडून उचलावा, घासूं नये, दुधांत ठेवावा आणि होतां होईल तों तासाभराच्या आंत दंतवैद्याकडे पोंचावें. असा दांत पुन्हां रुजूं शकतो. आणि दोन आठवडे होऊनही न भरलेला तोंडांतला व्रण, पुसला न जाणारा पांढरा किंवा लाल चट्टा, तिखट लागून होणारी सततची आग, तोंड उघडण्यास दिवसेंदिवस पडणारी अडचण, यांपैकीं कांहींही दिसल्यास चिठ्ठी नसली तरी जावें. बहुतेक सरकारी व पालिकेच्या दंतमहाविद्यालयांचा बाह्यरुग्ण विभाग चिठ्ठी नसलेल्यासही खुला असतो.

शेवटीं एक गोष्ट राहते, आणि ती बहुतेक घरांतून राहूनच जाते. काम पुरें झालें म्हणजे महाविद्यालयांतून उत्तराची चिठ्ठी मागून घ्यावी आणि ती ज्या वैद्यानें पाठविलें त्याला नेऊन द्यावी. गिरगांवांतील गृहस्थांनीं तसें केलें. कोपऱ्यावरच्या दंतवैद्यानें छायाचित्र उजेडांत धरून ती चौथी वाट बराच वेळ पाहिली. मग पत्नीचा कागद वाचला आणि तो कांहीं वेळ गप्प राहिला. त्या बाईही दहा वर्षें त्याच्याकडे येत होत्या. त्यानें त्यांस खुर्चीवर बसविलें आणि ओठ उलटून ती जागा स्वतः पाहिली. त्या दिवसापासून त्याच्या दवाखान्यांत येणाऱ्या प्रत्येकाचा केवळ दुखरा दांत न पाहतां संबंध तोंड पाहिलें जाऊं लागलें. वैद्यानें विचारलेल्या प्रश्नाचें उत्तर त्याच्याकडे परत पोंचलें म्हणजे त्याचा उपयोग एका घरापुरता राहत नाहीं. आणि असें उत्तर मिळावयाचें तर ती चिठ्ठी आधीं कपाटाच्या कप्प्यांतून बाहेर निघाली पाहिजे.